परतीचं टेबल

आमच्या दुकानाचं वाटोळं एका पाटीने केलं. लोक काहीबाही सांगतात. कुणी म्हणतं दादाने नवी शाखा काढली म्हणून, कुणी म्हणतं बाबा थकले म्हणून, कुणी म्हणतं काळच बदलला. काळाला काय, कशाचाही दोष द्यावा, तो बिचारा उलटून बोलत नाही. पण मी तळमजल्यावर दाराशेजारी बसणारी बाई. जे आलं ते आधी माझ्या अंगावर आलं, तेव्हा माझं ऐका.

बाबांनी सुरुवात केली ती हातगाडीवर. मोजे, रुमाल, छत्र्या. एका बाईने घेतलेली छत्री घरी पोचायच्या आत उलटी झाली. ती भर रस्त्यात बाबांच्या नावाने शंख करत आली. दुसरा असता तर हुज्जत घातली असती, तुम्हीच नीट धरली नसेल म्हणाला असता. बाबांनी छत्री घेतली, पैसे हातावर ठेवले आणि म्हणाले, "चूक माझी आणि भिजलात तुम्ही." ती बाई गप्प झाली. आयुष्यात पहिल्यांदाच झाली असावी. मग जी तोंडाने सुटली, ती गल्लीभर सांगत फिरली, की माणूस असावा तर असा.

गाडीचं दुकान झालं, दुकानावर मजले चढले. खाली अत्तरं, पर्सा, छत्र्या. वर कपडे, त्याच्या वर मुलांचं सामान, मग भांडीकुंडी, मग पलंग आणि गाद्या. सगळ्यात वर बाबांचं ऑफिस आणि ऑफिसच्या पाठीमागे आम्ही राहायचो. आमच्या घराला वेगळं दार नव्हतं. दुकानात शिरायचं, लिफ्टने वर जायचं, की आलं घर. शाळेतून येताना मी अत्तरांच्या वासातून घरी जायची.

आणि या सगळ्याच्या मुळाशी एकच नियम. आमच्याकडची वस्तू कधीही परत आणा, कारण सांगू नका. परतीच्या टेबलावर बसणाऱ्याने 'नाही' हा शब्द तोंडातून काढायचा नाही. इतर दुकानांत परतीची जागा असते जिन्याखाली, अंधारात, जणू माणूस चोरी कबूल करायला आलाय. बाबांनी ते टेबल मुख्य दाराशेजारी मांडलं, मोठ्या दिव्याखाली. म्हणायचे, "परत द्यायला येणाऱ्याला लाज वाटली की तो पुन्हा येत नाही." आणि खरंच, तवा परत करायला आलेली बाई पडदे घेऊन जायची.

आता माझं सांगते, म्हणजे पुढचं कळेल.

माझ्या लग्नात बाबांनी सगळ्यांसमोर विनोद केला. व्याह्यांना म्हणाले, "पोरगी तापट आहे हो. नाही पटली तर परत आणून द्या, आमचा नियम तुम्हाला ठाऊकच आहे." सगळे खो खो हसले, मीही हसले. वर्ष सरायच्या आत माझ्या थोरल्या दिराने मला आणून सोडलं. घरी नाही, टेबलावर! मेला चक्क रांगेत उभा राहिला. पुढे एक बाई इस्त्री परत करत होती. तिचं झाल्यावर त्याने माझी बॅग टेबलावर ठेवली आणि म्हणाला, "हे परत." टेबलावरची पोरगी नवीन होती. बिचारी शिकवल्याप्रमाणे म्हणाली, "ठेवा इथे."

कुणीतरी वर निरोप दिला. लिफ्टचा आकडा एकेक मजला खाली यायला लागला. मी त्या आकड्याकडे बघत उभी होते. लोक बघताहेत याची भीती नव्हती. बघू देत. भीती एकच होती, की बाबा खाली येतील आणि पहिल्यांदाच म्हणतील, नाही.

बाबा आले. त्यांनी बॅग स्वतः उचलली. दिराला म्हणाले, "बरं झालं आणलीत. आमचीच आहे." बस, एवढंच. दुसऱ्या दिवशी मी आपणहून त्या टेबलामागे जाऊन बसले आणि केस पिकेपर्यंत तिथून उठले नाही. गिऱ्हाइकं मला परतीची बाई म्हणायची. मला त्याचं काहीच वाटायचं नाही, खरं तर बरंच वाटायचं.

बाबांचे पाय गेल्यावर कारभार दादाकडे आला. दादा माझा मोठा भाऊ. वाईट नाही हो. घाबरट माणूस, आणि घाबरट माणसाला मोठं दिसायची हौस भारी. त्याने शहराच्या दुसऱ्या टोकाला शाखा काढली, सगळी काचेची, सरकत्या जिन्यांची. नाकापेक्षा मोती जड! ती बंद पडली, आणि मग इथल्या दुकानातही एकेक बारीक गोष्ट दिसायला लागली. लिफ्ट महिनोन् महिने बंद. भांड्यांच्या मजल्यावर फळीवर माल एकाच ओळीत, मागे पोकळ. माल पुरवणारे पूर्वी बाबांसाठी तासभर बसायचे, ते आता दारातूनच बघून जायचे. घर फिरलं की घराचे वासे फिरतात, तसंच.

बाबांना आम्ही काही सांगितलं नाही. ते वरच्या खिडकीशी चाकाच्या खुर्चीत बसलेले असायचे. संध्याकाळी मी वर गेले की विचारायचे, "आज परत फार आलं का गं?"

"बेताचंच, बाबा."

"मग बरं नाही. परत येत नाहीत म्हणजे माणसं विसरली."

गावात कुजबूज सुरू झाली, की आम्ही बंद करणार. कुजबूजच होती. दोन दिवस बोलले असते आणि तिसऱ्या दिवशी दुसऱ्या विषयाकडे वळले असते. पण आमच्या दादाला दम निघेल तर ना! एका सकाळी मी खाली आले तर चार माणसं शिड्या लावून दुकानाच्या पुढच्या भिंतीवर, या टोकापासून त्या टोकापर्यंत, पाटी चढवत होती. लाल अक्षरं, माणसाच्या उंचीची.

आमचा परतीचा नियम कायम आहे. कृपया घाबरू नये.

"दादा," मी म्हटलं, "कुणी विचारलं होतं का?"

"लोकांना धीर आला पाहिजे."

"अरे, ज्याच्या मनात नव्हतं त्याच्याही मनात येईल आता. काढ ती आधी."

"तुला धंद्यातलं काय कळतं?" तो म्हणाला. "तू टेबल सांभाळ."

मी रस्ता ओलांडून पलीकडे गेले आणि तिथून ती पाटी पुन्हा वाचली. आणि काय सांगू, मी स्वतः घाबरले. माझं घर, माझा बाप, माझा भाऊ, तरी वाचून मला वाटलं, आपलं काही आत अडकलेलं तर नाही ना, आत्ताच जाऊन घेऊन यावं. माझ्या शेजारी एक माणूस पिशवी घेऊन थांबला होता. त्याने पाटी वाचली, हातातल्या घड्याळाकडे बघितलं, ते आमच्याच दुकानातलं होतं, आणि तो आत शिरला.

त्या दिवशी संध्याकाळपर्यंत टेबलापुढची रांग दाराबाहेर गेली. मला रांगांची सवय आहे. भांडणारं गिऱ्हाईक तर मला आवडतं. त्याला दोन शब्द सुनवावेत, त्याचे दोन ऐकावेत, जीव मोकळा होतो. ही माणसं भांडत नव्हती. बोलतच नव्हती. वस्तू टेबलावर ठेवायची, पैसे घ्यायचे आणि मागे न बघता निघायचं. पूर्वी कारण सांगू नका म्हटलं तरी लोक सांगायचे, रंग आवडला नाही, सासूला आवडली नाही, मापच चुकलं. आता कुणी एक अक्षर काढेना. मी एकीला म्हटलं, "चांगली आहे की किटली." तिने माझ्याकडे असं बघितलं, जणू मी तिचा हात पकडला होता.

एका बाईने टेबलासमोर उभ्या उभ्या पायातल्या चपला काढल्या आणि पुढे सरकवल्या. घासलेल्या होत्या, टाचेला भोक पडलं होतं. "अहो, घरी कशा जाणार?" मी विचारलं. ती म्हणाली, "जाईन." आणि अनवाणी गेली. एका बापाने पोराचं दप्तर तिथेच रिकामं केलं आणि दप्तर दिलं. पोर पुस्तकं पोटाशी धरून उभं राहिलं. एकजण डोक्यावर गादी घेऊन आला, डागांसकट. मी सगळं घेतलं. टेबलामागे ढीग झाला, ढिगाच्या मागे ढीग. मला लघवीला उठायलाही वाट उरली नाही.

रात्री झोप लागली म्हणता? डोळे मिटले की ती चपला सरकवणारी बोटं दिसायची.

दुसऱ्या दिवशी उजाडताच खालून आवाज यायला लागला. आरडाओरडा नव्हता, नुसता पायांचा. मी जिन्याने उतरले तर काचेच्या दारांवर माणसं चिकटलेली. पुढच्यांचे गाल काचेला लागलेले, कारण मागचे रेटत होते. दार आतल्या बाजूला फुगलं होतं. आमचा दरवान दाराला पाठ लावून उभा होता. जन्मभर एका जागी ताठ उभा राहिला म्हणून त्याला सगळे खांब म्हणायचे. तो खांब थरथरत होता. मला म्हणाला, "ताई, काच आता गेली म्हणून समजा."

दादा ऑफिसातून खाली आला. त्याचा शर्ट घामाने पाठीला चिकटला होता. त्याने ठरवलं ते असं, की दारं उघडायची, पण बाहेरचं लोखंडी शटर कमरेपर्यंत खाली आणायचं. टेबल शटरच्या बाहेर, पायरीवर मांडायचं. वस्तू टेबलावर घ्यायची, शटरखालून आत ढकलायची आणि आतून पैसे द्यायचे. म्हणजे लोक आत घुसणार नाहीत.

"टेबलावर कोण?" मी विचारलं, आणि विचारतानाच मला कळलं.

"तुझ्याशिवाय कोण? तुला बघून लोक शांत राहतात."

"दादा, मला भीती वाटते." मी हे आयुष्यात कुणाला म्हटलं नव्हतं. दिराने बॅग ठेवली तेव्हासुद्धा नाही. "मला त्या बाजूला पाठवू नकोस."

"अगं, मी इथेच आहे, शटरला हात लावून. तू आत आल्याशिवाय ते खाली येणार नाही. बाबांची शपथ."

"आणि आणलं तर?"

"वेडी आहेस का तू?" त्याने माझ्या डोक्यावर टपली मारली, लहानपणी मारायचा तशी. "आपल्याच माणसाला कुणी बाहेर ठेवतं का?"

मी शटरखालून वाकून बाहेर गेले.

पहिला तासभर बरा गेला. मी मोठ्या आवाजात बोलत राहिले, कारण गप्प बसले असते तर माझे दात वाजलेले सगळ्यांना ऐकू आले असते. "या, पुढे या. ढकलू नका, गादी आहे की बैल? मावशी, तुमचा पंखा तुमच्या हातात राहू द्या, माझ्या डोळ्यात नको." एकदोघं हसलीसुद्धा. मी वस्तू घ्यायची, खाली वाकून आत सरकवायची. वाकले की शटरखाली दादाचे बूट दिसायचे, तपकिरी, डाव्याची लेस सुटलेली. बूट दिसले की मला धीर यायचा. आहे, इथेच आहे.

मग आतून पैसे यायला उशीर होऊ लागला. मी वाकून विचारायची, "दादा, काय झालं?" तो म्हणायचा, "वरच्या मजल्यावरून आणतोय, थांबव त्यांना जरा." पण गर्दीला काही सांगायला लागत नाही. पुढचा माणूस क्षणभर जास्त थांबला की शेवटच्याला समजतं. मागून लाट आली. टेबल माझ्या पोटात रुतलं आणि माझी पाठ शटरला लागली. कुठेतरी बाजूची काच फुटली. कुणीतरी ओरडलं, "संपले! यांचे पैसे संपले!" गर्दीत एक पोर रडायला लागलं, कालचंच असावं, पुस्तकंवालं. ते कुठेतरी खाली होतं आणि दिसत नव्हतं.

"अहो, पोर आहे खाली, पोर!" मी किंचाळले. कुणी ऐकलं असेल, नसेल. मला समोर नुसते हात दिसत होते. किटल्या, छत्र्या, इस्त्र्या, आणि मागे चेहरेच नाहीत. पाचावर धारण बसणं म्हणजे काय, ते मला तेव्हा कळलं. श्वास आत जात होता, बाहेर येत नव्हता. मी टेबल सोडलं. आता आत जायचं, एवढंच डोक्यात. मी खाली बसले, शटरखाली बघितलं.

बूट मागे सरकले होते. शटर हललं.

खांबाचा आवाज ऐकू आला, स्वच्छ. "साहेब, ताई बाहेर आहेत."

आणि दादाचा. "माहीत आहे."

शटर खाली आलं. मी हात घातला होता तो कसाबसा ओढून घेतला. उजेडाची पट्टी बारीक झाली आणि गेली. आतून कडी पडली.

"दादा!" मी दोन्ही हातांनी शटर बडवलं. "दादा, मी आहे!"

तो अगदी जवळ होता, पत्र्याच्या पलीकडे. त्याचा श्वास ऐकू येत होता. तोही रडत होता, हे मी त्याच्या बाजूने सांगते, नाहीतर म्हणाल भावाला नावं ठेवते. "नाही," तो म्हणाला. "आत्ता नाही. नाही उघडता येत."

इतकी वर्षं त्या टेबलावर जो शब्द कुणी काढला नव्हता, तो मी ऐकला.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. पोलीस आले, गर्दी पांगली. ते पोर सापडलं, हात मोडलेला, पण जिवंत. मला मागच्या गल्लीतून कुणीतरी रिक्षात बसवून नेलं, बरगड्या बांधल्या. दुकान त्या दिवशी बंद झालं ते झालंच. आता तिथे बँकेची कार्यालयं आहेत म्हणतात. मी बघायला गेले नाही. दादा अधूनमधून माझ्या खोलीवर येतो. मी दार उघडते, चहा टाकते. त्या दिवसाबद्दल तो बोलत नाही, मीही नाही. पण तो दाराशी आला, की उघडायच्या आधी मी थोडा वेळ कडीला हात लावून उभी राहते. का, ते मला सांगता येणार नाही. त्याला बाहेर ऐकू येत असणार.

पण मला सांगायचं होतं ते पोलीस यायच्या आधीचं.

मी शटर बडवत होते आणि ओरडत होते, "मला आत घ्या! घ्या आत!" माझ्या दोन्ही बाजूंनी लोक शटर बडवत होते आणि तेही ओरडत होते, "घ्या! परत घ्या!" माझा आवाज कुठला आणि त्यांचा कुठला, मलाच कळेना. एक बाई माझ्या खांद्याला खांदा लावून किटलीने पत्रा ठोकत होती. मला ढकलत म्हणाली, "सरका ना, तुमचं काय परत करायचंय?" तिने मला ओळखलंच नव्हतं.

तेव्हा मी वर बघितलं. सगळ्यात वरच्या खिडकीत बाबा होते. खुर्चीतून काचेशी वाकलेले, खाली एवढी माणसं बघून चेहरा नुसता फुललेला. पुष्कळ वर्षांनी बघितलं मी ते हसू. त्यांना वाटलं, माणसं विसरली नाहीत. त्यांनी गर्दीत मला बरोबर शोधून काढलं आणि हात हलवला, दुकान भरलेलं असलं की हलवायचे तसा. मग बोटाने खूण केली, ये, वर ये.

मी हात हलवला.